पुडीतली गोळी आणि 'स्टेरॉइड' हा शब्द



मागील अंकातील प्रार्थना-विषयांत एक छोटी विनंती होती. जव्हार भागातील एक वृद्ध बहीण अचानक आजारी पडून रुग्णालयात आहे, तिच्यासाठी प्रार्थना करावी, असे त्यात म्हटले होते. ती वाचून पुष्कळ जणांचे फोन आले. पुण्याच्या एका काकूंनी तर फळांसाठी पैसेही पाठवले. आजी आता घरी आहे, बरी आहे. पण ती आजारी का पडली, हे आम्ही तेव्हा लिहिले नव्हते. न लिहिण्याचे कारण असे की त्यात माझी चूक होती. ज्यांनी प्रार्थना केली त्यांना सगळी हकिकत कळायला हवी, असे मला वाटते. आणि ती सांगायची तर 'स्टेरॉइड' या शब्दाचा अर्थ सांगितल्याशिवाय पुढे जाता येत नाही.

आजी साठी ओलांडलेली आहे. दरवर्षी दिवाळीनंतर मुलगा आणि सून भिवंडीकडच्या वीटभट्टीवर जातात, तेव्हा नातवंडे सांभाळायला तीही जाते. सांभाळायला म्हणून जाते, पण तिथे गेल्यावर तीही चिखल कालवते, विटा पालथ्या घालते. गुडघे गेली काही वर्षे धरलेले होते. मागच्या वर्षी उपासनेला येताना शेवटचा चढ मुलगा तिला पाठीवर घेऊन चढत असे. यंदा पावसाच्या तोंडावर सगळे परतले, आणि आजी काठीशिवाय, स्वतःच्या पायांनी चढ चढून आली. जुलैमधल्या एका रविवारी तिने उभे राहून साक्ष दिली, की देवाने माझे गुडघे नवे केले. मंडळीने टाळ्या वाजवल्या. माझ्याही डोळ्यांत पाणी आले. ही साक्ष याच पत्रिकेत छापायची म्हणून मी ती वहीत उतरवूनही घेतली होती. आजीचा चेहरा भरलेला दिसत होता, गालांवर लाली होती. कुणीतरी म्हणालेसुद्धा, "आजीला भट्टी मानवली."

आजी खोटे बोलत नव्हती. ती रोज प्रार्थना करत होती आणि रोज एक पुडीही घेत होती. पुडीचा उल्लेख करावा असे तिला वाटलेच नाही, जसा आपण सकाळच्या चहाचा उल्लेख करत नाही. पुढे मी विचारले तेव्हा ती म्हणाली, "पुडी तर सगळेच घेतात, ताई." भट्टीवर दर आठवड्याला मोटारसायकलवरून एक माणूस यायचा. सगळे त्याला डॉक्टर म्हणायचे. तो कागदाच्या पुडीत तीन सुट्या गोळ्या द्यायचा, एक मोठी पांढरी, एक पिवळी आणि एक अगदी बारीक. नाव नाही, पट्टी नाही, चिठ्ठी नाही. गावी आल्यावर तशाच पुड्या आठवडे बाजारात मिळाल्या.

ऑगस्टमध्ये एक दिवस आजीने मला बाजारातून पुड्या आणायला सांगितले, तेव्हा हे उघड झाले. मी एक पुडी आमच्या नर्सताईंना दाखवली. त्यांनी गोळ्यांकडे फारसे पाहिले नाही, आजीकडे पाहिले. गोल झालेला चेहरा, पुढे आलेले पोट, त्या मानाने काटकुळे हातपाय आणि हातांवर जागोजागी निळे-जांभळे डाग. त्या म्हणाल्या, "ताई, यात बहुतेक स्टेरॉइड आहे. मंगळवारी आजीला डॉक्टरांकडे घेऊन या, तोवर काही बदल करू नका." या वाक्यातला पहिला अर्धा भागच माझ्या डोक्यात राहिला. 'स्टेरॉइड' म्हणजे वाईट, एवढे मला माहीत होते. व्यायामशाळेतली मुले चोरून टोचून घेतात ते. कोरोनानंतर ज्याने काळी बुरशी झाली म्हणतात ते. दुसऱ्या दिवशी सकाळीच मी आजीच्या घरी गेले, हे विष आहे असे सांगितले आणि तिच्याकडच्या अकरा पुड्या माझ्या हाताने चुलीत टाकल्या. ताईने सांगितले म्हणून आजीने मान डोलावली.

चौथ्या दिवशी सुनेचा फोन आला. बेणणीचे दिवस होते, आजी पावसात भिजली होती आणि अंगात ताप होता. सकाळपासून उलट्या चालू होत्या, उठवले तर उभी राहत नव्हती, हाक मारली तर अर्धवट ओ देत होती. जीपने तिला रुग्णालयात नेले. रक्तदाब फारच खाली गेला होता. डॉक्टरांनी पहिला प्रश्न विचारला, "कोणते औषध चालू होते आणि कधी बंद केले?" मी सांगितले. त्यांनी लगेच सलाइन लावले आणि हायड्रोकॉर्टिसोनचे इंजेक्शन दिले. संध्याकाळी आजीने चहा मागितला. हायड्रोकॉर्टिसोन म्हणजे काय, असे मी नर्सताईंना विचारले. त्या म्हणाल्या, "स्टेरॉइड." जे मी विष म्हणून चुलीत घातले होते, त्याच जातीचे औषध सुईतून देऊन त्यांनी आजीला वाचवले होते.

त्या रात्री मी रुग्णालयाच्या व्हरांड्यात बसून होते. मग डॉक्टरांनी मला वेळ दिला आणि मूत्रपिंडाचे चित्र काढून समजावले. पुढे मीही वाचले. ते माझ्या भाषेत सांगते.

थिऑलॉजीच्या पदविकेसाठी आम्हाला दोन वर्षे ग्रीक शिकावी लागली होती. तेव्हा ती नकोशी वाटायची, आता उपयोगी पडली. 'स्टेरिऑस' या ग्रीक शब्दाचा अर्थ घट्ट, टणक. इब्री लोकांस पत्राच्या पाचव्या अध्यायात दूध आणि जड अन्न यांची तुलना आहे, तिथे जड अन्नासाठी हाच शब्द आहे. पित्ताशयातल्या खड्यांत एक घट्ट, मेणासारखा पदार्थ सापडला, त्याला फ्रेंच रसायनशास्त्रज्ञ शेव्हरल यांनी १८१५ च्या सुमारास नाव दिले. त्यात 'खोले' म्हणजे पित्त आणि 'स्टेरिऑस' म्हणजे घट्ट. तेच आपले कोलेस्टेरॉल. या पदार्थाच्या रेणूत कार्बनची चार कडी एकमेकांना जोडलेली असतात. पुढे तशीच चार कडी असलेले पुष्कळ पदार्थ सापडत गेले, आणि १९३६ मध्ये त्या सगळ्या कुळाला 'स्टेरॉइड' हे नाव मिळाले. म्हणजे स्टेरॉइड हे एका औषधाचे नाव नाही, ते आडनाव आहे. एका आडनावाची सगळी माणसे सारखी नसतात, हे गावात राहणाऱ्याला वेगळे सांगायला नको.

'हॉर्मोन' हा शब्दही ग्रीकच. त्याच्या मुळाशी 'जोराने धावायला लावणे' असा अर्थ आहे. मार्काच्या शुभवर्तमानाच्या पाचव्या अध्यायात डुकरांचा कळप कड्यावरून सरोवराकडे धावत सुटतो, तिथे याच धातूचे क्रियापद आहे. इंग्लंडचे शरीरशास्त्रज्ञ स्टार्लिंग यांनी १९०५ मध्ये तो शब्द वैद्यकात आणला. एका ग्रंथीतून रक्तात उतरून दुसऱ्या अवयवाला कामाला लावणारा पदार्थ तो हॉर्मोन. मराठी पुस्तकांत त्याला संप्रेरक म्हणतात. सगळे हॉर्मोन स्टेरॉइड नसतात. मधुमेहवाले टोचून घेतात ते इन्सुलिन हॉर्मोन आहे, पण स्टेरॉइड नाही.

आता आजीच्या पुडीकडे येते. आपल्या दोन्ही मूत्रपिंडांवर टोपीसारखी एकेक छोटी ग्रंथी असते, तिला अधिवृक्क ग्रंथी म्हणतात. तिच्या बाहेरच्या थराला लॅटिनमध्ये 'कॉर्टेक्स' म्हणजे झाडाची साल असे नाव आहे. या सालीत जी स्टेरॉइड हॉर्मोन तयार होतात ती 'कॉर्टिकोस्टेरॉइड'. डॉक्टर रोजच्या बोलण्यात नुसते 'स्टेरॉइड' म्हणतात तेव्हा बहुतेक वेळा त्यांना हीच अभिप्रेत असतात. त्यांतले मुख्य कॉर्टिसॉल. निरोगी शरीर दिवसाला साधारण १० ते २० मिलिग्रॅम कॉर्टिसॉल बनवते, पहाटे-सकाळी सर्वांत जास्त. ते रक्तदाब टिकवते, रक्तातली साखर सांभाळते, सूज आटोक्यात ठेवते. ताप आला, अपघात झाला, शस्त्रक्रिया झाली की शरीर ते कितीतरी अधिक बनवते. लंडनचे डॉक्टर थॉमस अ‍ॅडिसन यांनी १८५५ मध्ये ही ग्रंथी निकामी झालेल्या रुग्णांचे वर्णन केले. ती माणसे अशक्त होत, ओकत आणि अखेरीस दगावत. आजीची चौथ्या दिवशीची अवस्था थोडीफार तीच होती.

मग हे गुडघेदुखीवर कसे आले? अमेरिकेतील मेयो क्लिनिकमध्ये फिलिप हेंच नावाचे डॉक्टर होते आणि एडवर्ड केंडॉल नावाचे रसायनशास्त्रज्ञ होते. केंडॉल यांनी या सालीतले पदार्थ वेगळे केले होते. सप्टेंबर १९४८ मध्ये हेंच यांनी त्यांपैकी एक, ज्याला पुढे कॉर्टिसोन म्हटले गेले, संधिवाताने जखडलेल्या २९ वर्षांच्या एका स्त्रीला टोचला. काही दिवसांतच ती चालू लागली आणि बाजारात खरेदीला जाऊन आली. जगभर गाजावाजा झाला. १९५० मध्ये हेंच, केंडॉल आणि स्वित्झर्लंडचे राइखस्टाइन यांना नोबेल पारितोषिक मिळाले. पण लवकरच डॉक्टरांच्या लक्षात आले, की औषध संधिवात बरा करत नाही, फक्त सूज दाबते. थांबवले की दुखणे परत येते, आणि चालू ठेवले तर चेहरा गोल होतो, हाडे पोकळ होतात, मनावरही परिणाम होतो. भिवंडीजवळच्या भट्टीवर आजीला जे झाले, ते पहिल्यांदा अमेरिकेच्या त्या रुग्णालयात घडून गेले होते.

प्रेषितांची कृत्ये या पुस्तकाच्या तिसऱ्या अध्यायात मंदिराच्या दाराशी बसलेला जन्मपांगळा माणूस उठून चालू लागतो. त्याचे घोटे बळकट झाले हे सांगताना लेखकाने 'स्टेरिऑस'पासून बनलेलेच क्रियापद वापरले आहे. हे माझ्या ध्यानात आले तेव्हा मी पुस्तक मिटून ठेवले. आजीच्या साक्षीच्या दिवशी आम्ही नेमका हाच उतारा वाचला होता. आणि तिच्या पोटात जात होती ती गोळी दिवसेंदिवस तिची हाडे ठिसूळ करत होती.

औषध एकदम बंद केल्याने जीवावर का बेतले, तेही सांगते. आमच्या भागात उन्हाळ्यात टँकर येतो. टँकर रोज दारात येऊ लागला की विहिरीकडे कुणी पाहत नाही, ती गाळाने भरते. मग एक दिवस टँकर येत नाही आणि विहिरीतून हंडाभर पाणीही निघत नाही. शरीराचे तसेच आहे. बाहेरून स्टेरॉइड मिळत राहिले की मेंदूतून अधिवृक्क ग्रंथीला जाणारा हुकूम थांबतो आणि ग्रंथी सुस्तावते. काही दिवस घेतले तर सहसा बिघडत नाही. तीन आठवड्यांपेक्षा जास्त रोज घेतले असेल तर ग्रंथी झोपली असण्याची शक्यता धरूनच चालावे लागते. तिला जागे करायला डोस हळूहळू, आठवडे-महिने लावून उतरवावा लागतो. आजीने निदान सात-आठ महिने पुड्या घेतल्या होत्या. मी टँकर बंद केला, तोही ताप आलेला असताना, म्हणजे पाण्याची गरज सर्वांत जास्त होती त्याच वेळी.

'अगदी बारीक गोळी आहे, त्याने काय होणार' असे अनेक जण म्हणतात. डेक्सामेथासोनची गोळी अर्ध्या मिलिग्रॅमची असते, डोळ्यांत न भरणारी. पण हे स्टेरॉइड इतके जोरकस आहे की त्या अर्ध्या मिलिग्रॅमचे बळ शरीराच्या जवळजवळ एका दिवसाच्या कॉर्टिसॉलइतके होते. दिवसाला तीन घेतल्या तर शरीरावर तिप्पट भार पडतो. महिनोन्महिने असे चालले की साखर वाढते, रक्तदाब वाढतो, हाडे ठिसूळ होतात, खुब्याचे हाड कुजू शकते, डोळ्यांत मोतीबिंदू येतो, जखमा भरत नाहीत. आमच्या भागात सर्वांत मोठी भीती क्षयाची. अनेकांच्या शरीरात क्षयाचे जंतू दबून बसलेले असतात, प्रतिकारशक्ती खाली आली की ते डोके वर काढतात. आजीची थुंकी तपासली. क्षय निघाला नाही, यासाठी देवाचे आभार.

इथपर्यंत वाचून कुणी म्हणेल, की मग हे औषध नकोच. मीही तेच म्हणाले होते आणि त्याचे फळ पाहिले. म्हणून ज्यांनी हे औषध घेतलेच पाहिजे त्यांच्याविषयी थोडे सविस्तर लिहिते.

आमच्या कार्यक्षेत्रात कुष्ठरोगाचे रुग्ण अजून सापडतात. बहुविध औषधोपचार मोफत मिळतो आणि रोग बरा होतो. पण उपचार चालू असताना किंवा नंतरही काही रुग्णांना 'रिअ‍ॅक्शन' येते. चट्टे लाल होऊन सुजतात, कोपराजवळची नस ठणकू लागते, करंगळी आणि शेजारचे बोट वाकू लागते. रोग वाढला असे नाही. शरीराची स्वतःची प्रतिकारशक्ती मेलेल्या-जिवंत जंतूंवर तुटून पडते आणि मधली नस भरडली जाते. अशा वेळी प्रेडनिसोलोन हे स्टेरॉइड हात वाचवते. साधारणपणे दिवसाला ४० मिलिग्रॅमने सुरुवात करून दर दोन आठवड्यांनी उतरवत १२ आठवड्यांत थांबवतात, काहींना अधिक काळ लागतो. दोन वर्षांपूर्वी आमच्याकडच्या एका तरुणाला हे औषध वेळेवर मिळाले. आज तो त्याच हाताने कोयता धरतो. त्याच्या वडिलांच्या वेळी गोळी मिळाली नव्हती, त्यांची बोटे वाकडीच राहिली. बापलेक शेजारी बसून जेवतात तेव्हा माझे लक्ष नकळत दोघांच्या हातांकडे जाते.

दुसरी गोष्ट बाळांची. कोवळ्या मुली गरोदर राहतात, नवव्या महिन्याआधीच कळा सुरू होतात, बाळाची फुप्फुसे पिकलेली नसतात. न्यूझीलंडचे डॉक्टर लिगिन्स मेंढ्यांवर प्रयोग करत होते. गर्भात स्टेरॉइड मिळालेले एक कोकरू इतके अकाली जन्मले की ते जगायला नको होते, पण ते श्वास घेत होते. त्यावरून त्यांनी आणि त्यांचे सहकारी हॉवी यांनी आईला इंजेक्शन देऊन पाहिले आणि १९७२ मध्ये निष्कर्ष प्रसिद्ध केले. आज आपल्या देशात २४ ते ३४ आठवड्यांत कळा सुरू झालेल्या मातेला डेक्सामेथासोनची ६ मिलिग्रॅमची चार इंजेक्शने, दर बारा तासांनी एक, अशी देतात. २०१४ च्या सरकारी सूचनांप्रमाणे उपकेंद्रातली नर्स पहिले इंजेक्शन देऊन मातेला पुढे पाठवू शकते. घाटातून रुग्णवाहिका यायला किती वेळ लागतो हे ज्यांना माहीत आहे, त्यांना त्या पहिल्या इंजेक्शनची किंमत कळेल. म्हणून 'बाईला स्टेरॉइड टोचले' असे ऐकून सासरच्यांनी नर्सताईंशी भांडू नये.

कोरोनाचेही तसेच. जून २०२० मध्ये इंग्लंडमधल्या मोठ्या चाचणीत दिसले, की ऑक्सिजन किंवा व्हेंटिलेटर लागलेल्या रुग्णांत डेक्सामेथासोनने मृत्यू कमी होतात. ज्यांना ऑक्सिजन लागत नव्हता त्यांना फायदा दिसला नाही. पुढे घरोघरी, गरज नसलेल्यांनीही ते घेतले, मधुमेहींची साखर भडकली आणि काळ्या बुरशीला वाट मिळाली.

शब्दाचा गोंधळ इथेच संपत नाही. व्यायामशाळेतले स्टेरॉइड वेगळे. ते पुरुषी हॉर्मोनच्या, म्हणजे टेस्टोस्टेरॉनच्या जातीचे, स्नायू वाढवणारे. १९८८ च्या सोल ऑलिंपिकमध्ये बेन जॉन्सन या धावपटूचे सुवर्णपदक ज्याने गेले ते हेच. आशाताई वाटतात त्या 'माला-एन' गोळीतली स्त्री-हॉर्मोनही स्टेरॉइड कुळातलीच, पण त्यांचे काम पाळणा लांबवण्याचे, संधिवाताशी त्यांचा संबंध नाही. 'छाया' ही गोळी मात्र स्टेरॉइड नाही. आणि आयबुप्रोफेन, डायक्लोफेनॅक अशा दुखण्याच्या गोळ्यांना डॉक्टर 'नॉन-स्टेरॉइडल' म्हणतात, म्हणजे स्टेरॉइड नसलेल्या सूजनाशक. आमच्या एका कार्यकर्त्याने घाईत 'नॉन' गाळून फक्त उरलेला शब्द वाचला आणि एका काकांची गोळी बंद करायला निघाला.

नावावरून ओळखण्याची एक ढोबळ खूण आहे. प्रेडनिसोलोन, डेक्सामेथासोन, बीटामेथासोन, हायड्रोकॉर्टिसोन अशी शेवटी 'सोन' किंवा 'सोलोन' येणारी नावे बहुधा या जातीची असतात. ही खूण मी बैठकीत सांगितली आणि पुढच्याच आठवड्यात कुष्ठरोगाच्या एका रुग्णाने डॅप्सोन घेणे थांबवले! डॅप्सोनच्या शेवटी 'सोन' आहे, पण ते स्टेरॉइड नाही, कुष्ठरोगाचे मूळ औषध आहे. तेव्हापासून मी खूण सांगते आणि लगेच डॅप्सोनचेही नाव घेते.

एक गंमत जाता जाता. ही हॉर्मोन प्राण्यांच्या ग्रंथींतून काढणे फार महाग पडे. १९४० च्या दशकाच्या सुरुवातीला रसेल मार्कर या रसायनशास्त्रज्ञाने मेक्सिकोतल्या रानकंदातल्या एका द्रव्यापासून प्रोजेस्टेरॉन हे स्त्री-हॉर्मोन बनवून दाखवले, आणि पुढे तिथले गरीब शेतकरी डोंगरातून कंद खणून कारखान्यांना पुरवू लागले. आपल्या वारली, कोकणा बहिणी पावसाळ्यात उकडून, कडवटपणा काढून खातात तो कडूकंद त्याच कुळातला. कंद खाऊन मात्र अंगात हॉर्मोन तयार होत नाही, ते काम प्रयोगशाळेत करावे लागते.

मलमांविषयी शेवटी, पण हे शहरातल्या वाचकांनाही लागू आहे. नायट्यावर लावायची ज्या ट्यूबमध्ये बुरशीचे औषध, जंतूंचे औषध आणि स्टेरॉइड असे तिन्ही एकत्र असते, ती लावली की खाज दोन दिवसांत थांबते. त्वचेखाली नायटा मात्र पसरत राहतो. काही मुली लग्नाआधी गोरेपणासाठी अशी मलमे चेहऱ्यावर लावतात. कातडी पातळ होते, लाल होते, मुरुमे येतात, आणि थांबवले की जळजळ होते म्हणून पुन्हा लावतात. २०१८ मध्ये सरकारने अशा १४ स्टेरॉइड मलमांना चिठ्ठीवरच विकायच्या औषधांच्या यादीत, अनुसूची 'एच'मध्ये घातले. ट्यूबवर लाल रेघ असेल तर दुकानदाराने चिठ्ठी मागायला हवी.

आता आमच्या बैठकांत मी 'स्टेरॉइड वाईट' असे म्हणत नाही. तीन प्रश्न विचारायला सांगते. गोळीचे नाव काय, किती दिवस घ्यायची, थांबवायची कशी? ज्याच्याकडे या तिन्हींचे उत्तर नाही त्याच्याकडून गोळी घेऊ नये. आणि जो आधीच घेत आहे त्याने स्वतःहून किंवा माझ्यासारख्या ताईच्या सांगण्यावरून ती सोडू नये, उरलेली पुडी घेऊन डॉक्टरांकडे जावे. पुडी जाळू नये. अकरा पुड्यांपैकी एक जरी मी ठेवली असती, तरी डॉक्टरांना दाखवायला झाली असती.

आजीला सकाळी खाल्ल्यावर घ्यायची प्रेडनिसोलोनची गोळी दिली आहे. दर काही आठवड्यांनी डॉक्टर ती कमी करतात. चेहरा उतरत चालला आहे. गुडघे पुन्हा दुखतात, काठी परत आली. शेक, मांड्यांचे व्यायाम आणि लागेल तेव्हा पॅरासिटामॉल एवढ्यावर चालले आहे. रुग्णालयातून आल्यावर तिने एकदा विचारले, "ताई, माझी ती साक्ष खोटी झाली का?" मला उत्तर देता आले नाही. मी तिला म्हटले, पाळकसाहेबांना विचारू. त्यांनी तिच्याजवळ बसून प्रार्थना केली आणि पुढच्या रविवारी मंडळीसमोर सगळी हकिकत सांगायला मला उभे केले. मी सांगितली, पुड्या चुलीत टाकल्याचेही सांगितले. उपासना संपल्यावर सात जण आपापल्या पुड्या घेऊन माझ्याकडे आले. त्यांपैकी चौघांना डॉक्टरांनी आजीसारखेच हळूहळू उतरवायला लावले आहे.

दिवाळीनंतर मुलगा आणि सून भट्टीवर गेले. या वेळी आजी आणि दोन्ही नातवंडे गावीच राहिली. सुनेच्या गाठोड्यात पॅरासिटामॉलची एक पट्टी आणि डॉक्टरांच्या चिठ्ठीची झेरॉक्स मी ठेवली होती. गेल्या शुक्रवारी तिचा फोन आला. मोटारसायकलवाला आला होता म्हणाली. तिने नाव विचारले, तर तो हसला आणि पुढच्या झोपडीकडे गेला. तिथल्यांनी पुड्या घेतल्या.